मायचा हात

सिद्धोधन साहेबांनी येलदरीच्या धरणावर तीस वर्षं इंजिनिअरकी केली आणि त्यात त्यांना एक खोड लागली. आलेली वस्तू आधी घासायची, मग रंगवायची. निवृत्तीनंतर ते धरणात बुडालेल्या गावांच्या छोट्या संग्रहालयाचे संचालक झाले. खुर्ची बदलली, खोड कुठली जायला!

बुडालेल्या गावातल्या बायनाबाईंच्या माहेरच्या जुन्या घराची सागवानी दाराची चौकट आली तेव्हा त्यांनी कुणाला विचारलंही नाही. बाह्या सरसावून स्वतःच पॉलिशपेपर मारला, वॉर्निश दिलं. उजव्या बाजूला एक काळा, चिकट डाग होता. तो काढायला दोन तास गेले. डाग गेला तेव्हा स्वारी केवढी खूश!

उद्घाटनाच्या सकाळी बायनाबाईंच्या सुनेचा, संघप्रियाचा, फोन आला. सासूला ती आत्याबाई म्हणायची.

"सर, आत्याबाई लय घाई करायल्यात. त्यांच्या मायचा एक फोटो न्हाई आमच्याकडं. दार बुटकं होतं ना, वाकून आत येताना ती चौकटीला धरायची. तिचा तेलकट हात उठलाय तिथं. तेवढाच बघायचाय म्हणतात."

फोन ठेवून साहेब चौकटीपाशी गेले; डागाच्या जागी आता नुसतं वॉर्निश चमकत होतं. ज्या धरणानं या बाईचं गाव बुडवलं, त्याचा पगार आपण खाल्ला. आणि बुडताना उचलून आणलेल्या चौकटीवरची तिच्या मायची एकुलती एक खूण आपणच पुसली! स्वतःची इतकी चीड त्यांना कधी आली नव्हती.

"घाबरायलाव कशाला, साहेब?" कारकून बन्सीधर म्हणाला. "काजळी आन् गोडतेल चोळा. म्हातारीला काय कळायलंय?"

नको नको म्हणत साहेबांनी चोळलं. मग दारात येरझाऱ्या सुरू झाल्या. रस्त्यावर गाडी वाजली की ते मान उंचावून बघायचे.

बायनाबाई आल्या त्या सरळ चौकटीपाशी गेल्या. "माय," म्हणून त्यांनी डागावर तळवा टेकवला आणि डोळे मिटले. साहेबांचा जीव भांड्यात पडणार, तेवढ्यात बाईंनी हात काढून पाहिला. तळवा काळा झाला होता.

"माय जाऊन तीस वर्षं झाली," त्या हळूच म्हणाल्या. "आन् हात आजून ओला?"

बन्सीधर काहीतरी सांगायला पुढं झाला. साहेबांनी त्याला अडवलं.

"मीच घासला, मावशी. घाण समजलो. हा डाग मी सकाळी लावलाय."

बाईंनी त्यांच्याकडं पाहिलं. मग पदरानं तो डाग पुसायला लागल्या. जराही राहू दिला नाही.

"आता पाटी लावा," त्या म्हणाल्या. "लिवा, हितं मायचा हात व्हता. धरणातून वाचला, सायबानं पुसला."

साहेबांनी खिशातलं पेन काढलं. पहिला शब्द लिहायलाच त्यांना फार वेळ लागला.