मुक्या रिळाखालचा गलका

जुनी दृश्यं शोधून, त्यांचे हक्क मिळवून चित्रपटवाल्यांना पुरवणं हा रुचिताचा धंदा. एका माहितीपटासाठी दिल्लीच्या करोल बागेचं शहाऐंशी सालचं रीळ बघताना तिला अचानक आई दिसली, स्वेटरवाल्याशी हुज्जत घालताना. रुचिता दोन वर्षांची असतानाच ती गेली होती. घरात तिचे फोटो होते, आवाज कुठेच नव्हता. आणि नेमकं हे रीळही मुकं निघालं.

दिग्दर्शकाला तुकडा आवडला. पण मुका बाजार कोण बघणार? त्याखाली घालायला रुचितानेच कानपूरच्या एका बाजाराचा गलका आणून दिला.

माहितीपट आला तेव्हा मयूर विहारच्या घरी बाबा टीव्हीला नाक लावून बसले. दूधवाल्याच्या मापावर चाळीस वर्षं विश्वास न ठेवलेला माणूस! त्यांनी तो तुकडा तिसऱ्यांदा मागे घेतला.

“रुची, आवाज वाढव! भाव पाडतेय बघ. बिल्कुल तिचाच आवाज!”

खरं काय ते रुचिताच्या अगदी ओठांवर आलं होतं. तिने आवाज वाढवला. कानपूर घरभर झालं.

“काय म्हणतेय आई?” तिने विचारलं.

बाबांनी हात वर केला. “थांब गं, या बाकीच्यांना जरा गप्प होऊ दे.”