दोन कुलपांआडचा पाय

भांडण लागलं ते खुर्चीवरून, आणि खुर्ची तरी कसली! डगमगणारी, एकच हात असलेली, बसलं की कुरकुरणारी. पण ती संस्थेच्या अध्यक्षाची! त्यामुळे गावभर फर्निचर विकणाऱ्या दादांना नेमकी तीच हवी होती.

संस्था दादांच्या वडिलांनी काढलेली. पाय गमावलेल्यांना कृत्रिम पाय फुकट बसवून देणारी कार्यशाळा आणि तिचा सार्वजनिक ट्रस्ट. वडील गेले आणि विश्वस्तांमध्ये दोन तट पडले. दादांनी सभा भरवून स्वतःला अध्यक्ष निवडून घेतलं. त्यांच्या बहिणीचे यजमान, म्हणजे भावोजी, काय कमी? त्यांनी दुसरी सभा भरवली आणि तेही अध्यक्ष झाले! पुढच्या खोलीला दादांनी कुलूप ठोकलं. तिथे मांडीला बसणारी वाटी तयार व्हायची. मागच्या खोलीला भावोजींनी ठोकलं. तिथे पावलं बनायची. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ म्हणतात. इथे तिसरा मात्र कुबड्यांवर ताटकळत होता.

उद्या कोर्टाची तारीख. दादांच्या अंगात नुसतं वारं भरलं होतं. त्यांनी ती खुर्ची दुकानात आणवली, तिला सागवानी, नक्षीदार दुसरा हात बसवला, पॉलिश केलं आणि आत्याला बघायला बोलावलं. आत्या म्हणजे वडिलांची धाकटी बहीण. उभा जन्म वकिली केलेली बाई, पण या खटल्यात तिने ना भाच्याची बाजू घेतली, ना जावयाची.

"बाजारात तुरी..." एवढंच म्हणून आत्याने उरलेली म्हण गिळली.

"अगं, कोर्ट दुसरं करणार काय? एक तर मी, नाहीतर भावोजी!"

"इथेच चुकतोस. ही काय तुमच्या दोघांच्या घरांमधली भिंत आहे, इकडची की तिकडची ठरवायला? ट्रस्टचा मालक कोण, सांग बघू."

"बाबांनी काढलाय तो!"

"काढला आणि लोकांना देऊन टाकला. दिल्या वस्तूवर वारसा कसला सांगतोस? अरे, अशा खटल्यात कोर्ट नुसतं पंच नसतं, पालक असतं. विश्वस्तांना दूर करू शकतं, नवे नेमू शकतं, कारभार कसा चालवायचा याची योजनासुद्धा घालून देऊ शकतं. दोघंही घरी बसाल!"

"उगाच घाबरवू नकोस. माझी साक्षीदार ऐकलीस ना, तर गप्प बसशील."

दुसऱ्या दिवशी कोर्ट खच्चून भरलं होतं. दादांच्या वकिलांनी ऐटीत पुकारलं, "आमच्या साक्षीदार, शाळेतल्या गणिताच्या बाई!"

भावोजींचे वकील ताडकन उठले. "हरकत आहे! या आमच्या साक्षीदार आहेत!"

सगळीकडे खसखस पिकली. न्यायाधीश बाईंनी चष्मा सावरला. "बाई, तुम्ही नक्की कोणाच्या?"

"दोघांनीही बोलावलं, साहेब. दोघंही म्हणाले, खरं तेच सांगा, संस्था आम्हीच चालवतो."

"मग चालवतं कोण?"

"कोणीच नाही!" कुबड्यांवर रेलून बाई म्हणाल्या. "माझी वाटी पुढच्या खोलीत तयार आहे, पाऊल मागच्या खोलीत. अर्धा अधिक अर्धा बरोबर एक, असं मी मुलांना शिकवते. इथे वर्षभर उत्तर शून्य येतंय. फळ्यापाशी उभी राहते तेव्हा कुबडी धरू की खडू?"



"आणि अध्यक्षाची खुर्ची? तिच्यावर हक्क कोणाचा?" भावोजींच्या वकिलांनी घाईने विचारलं.

"ती एका हाताची?" बाईंना नवल वाटलं. "ती अध्यक्षाची कुठली? आमची ती! कुबडीवरून थेट सरकून बसता यावं म्हणून दादांच्या वडिलांनी, आमच्या काकांनी, स्वतः करवतीने तिचा एक हात काढला होता. आम्हाला खुर्चीत बसवायचे आणि आपण खाली जमिनीवर बसून पट्टे आवळायचे."

दादांना दुकानातली खुर्ची आठवली. सागवानी हात! नक्षीदार! आपल्या हाताने आपण बाबांनी उघडलेलं दार बंद केलं! लाजेने त्यांना मान वर करवेना. मग ते एकदम उठले, वकील "थांबा, थांबा" म्हणत असताना पुढे गेले आणि खिशातली किल्ली त्यांनी टेबलावर ठेवली.

भावोजी क्षणभर चुळबुळले. मग त्यांचीही किल्ली शेजारी येऊन पडली.

"फार चांगलं केलंत," न्यायाधीश बाई म्हणाल्या, "पण म्हणून आदेश टळत नाही. अध्यक्ष कोण, ते नंतर बघू. कार्यशाळा आधी उघडेल! दोन्ही गटांनी कारभारातून बाजूला व्हावं. कोर्ट प्रशासक नेमतंय. नवी योजना तयार होईल आणि तिच्यात विश्वस्त म्हणून पाय बसवून घेतलेली माणसंही असतील."

मागच्या बाकावर आत्याने पदराने डोळे पुसले.

प्रशासक म्हणून आलेल्या डॉक्टरीणबाईंनी दोन्ही कुलपं काढली, तेव्हा दादा दारात ती खुर्ची आणि करवत घेऊन उभे होते. "कारभारात नाक खुपसत नाही," ते म्हणाले, "एवढा एक हात कापू द्या!" सागवानी हात खाली पडला. गणिताच्या बाई कुबडीवरून अलगद खुर्चीत सरकल्या. कारागिराने वाटीला पाऊल जोडलं. पट्टा आवळायला दादा जमिनीवर बसले, आणि दुसरं टोक धरायला, न बोलावता, भावोजी! बाई उठल्या, एक पाऊल टाकलं, दुसरं टाकलं, आणि दोन्ही हात मोकळे करून खळखळून हसल्या.

वाचकहो, शाळा असो, दवाखाना असो की वाचनालय, आपल्याही आसपास अशा संस्था आहेत आणि त्यांच्या दारांवर अशी कुलपंही आहेत. विश्वस्त मालक नसतो, राखणदार असतो. राखणदारच भांडायला लागले तर कोर्टाचं दार ठोठावायला कचरू नका. मात्र तिथे जाताना "खुर्ची कोणाची?" एवढंच विचारू नका. ती कोणासाठी केली होती, तेही विचारा.