मागच्या दाराची गिऱ्हाइकं

नवऱ्याने जन्मभर गावाला हसायला दात दिले आणि त्याच्या माघारी गावाची दातखीळ बसली, असं कवळीवाल्याची बायको म्हणायची. म्हणायची ती हसूनच. रडून झालं होतं.

ट्रकने स्कूटर उडवली, त्यात तो गेला. चूक ट्रकचीच, हे विमा कंपनीलाही मान्य होतं. वाद होता कमाईचा. भरपाई ठरणार ती गेलेला माणूस काय मिळवत होता त्यावरून, आणि कंपनीचा वकील म्हणत होता की हा गृहस्थ काहीच मिळवत नव्हता, घरात बसून हौसेखातर प्लास्टर कालवत होता. कोर्टाला ते पटलं असतं तर हाती चतकोर रक्कम पडली असती, आणि हप्त्यांवरचं घर सोडावं लागलं असतं.

पुरावा आणायचा कुठून? गिऱ्हाइकं भर दुपारी, गल्ली पेंगत असताना, मागच्या दाराने यायची. पावती नाही, नाव नाही. दात कुठेही मिळतात, माझ्याकडे लोक गुपित ठेवायला येतात, असं तो म्हणायचा. कवळ्यांना झिलई तीच करायची, त्यामुळे कुणाचे कुठले दात खोटे, हे तिला पाठ. बेकरीवाला, पोस्टमन, शाळेच्या मुख्याध्यापिका. नुसती नावं द्या, मी समन्स काढते, म्हणून तिच्या वकीलबाईंनी दाताच्या कण्या केल्या. ती बधली नाही. स्वतः मात्र एकेकाच्या दारात जाऊन आली. सगळे हळहळले, सगळ्यांनी बसायला खुर्ची दिली, आणि कवळी म्हणजे काय असतं बरं, असा चेहरा केला.

शेवटी तिने कोर्टात एक खोकं नेलं. कवळी मोडलीच तर नवी करता यावी म्हणून तो प्रत्येक जबड्याचा प्लास्टरचा साचा जपून ठेवायचा, अर्थात नावाशिवाय. कंपनीच्या वकिलाने त्यातला एक उचलून उजेडात धरला आणि विचारलं, ह्या हिरड्या कुणाच्या? तिला माहीत होतं. तिने खोक्याचं झाकण लावून घेतलं.

"माझ्या," मागच्या बाकावरून आवाज आला.

ती थोरली नणंद होती. आरशात बघितल्याशिवाय कचरा टाकायलाही बाहेर न पडणारी. शेवटची काही वर्षं तिने भावाशी अबोला धरला होता. कशावरून, ते घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. आज आली होती ती नुसती सोबतीला.

"वन्सं, राहू द्या."

"तू गप गं," म्हणत नणंद पुढे गेली. शपथ झाली. तिने तोंडासमोर रुमाल धरला, मग काय वाटलं कोण जाणे, खाली घेतला. वरची कवळी काढून साच्यावर ठेवली. टक् करून बसली. वकिलाने हलवून पाहिली, हलेना.

पण वकीलही कसलेला. सख्खी बहीण, तेव्हा भावाने फुकटच करून दिली असणार, ह्याला कमाई कशी म्हणायची, असं त्याने विचारलं. नणंद तावातावाने काहीतरी बोलली, ते कुणालाच कळलं नाही. मग तिने कवळी परत चढवली.

"फुकट? एक पैसा सोडला नाही मेल्याने. म्हणे, तुला सोडले तर बाकीच्यांना काय तोंड दाखवू? माझा अबोला काय उगाच होता?" तिने जीभ चावली. "मेल्याने" हा शब्द तिचा तिलाच लागला होता. रुमाल आता डोळ्यांना गेला.

लिहून घेणाऱ्याने ते शब्दन् शब्द लिहून घेतलं. न्यायाधीशांनी पुढची तारीख दिली. वकीलबाई जिना उतरताना म्हणाल्या, आणखी तीन-चार तोंडं मिळाली तर काम झालंच म्हणून समजा.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी मागचं दार वाजलं. बाहेर बेकरीवाला, मागे पोस्टमन, आणि फाटकाशी छत्रीआड मुख्याध्यापिका. तिघंही एकमेकांना बघून ओशाळलेली.

"माझा साचा आहे ना अजून?" बेकरीवाल्याने विचारलं.

"आहे की. पण आता तरी पुढच्या दाराने यायचं."

"सवय," तो म्हणाला.

ती कपाटातल्या खोक्याकडे वळली. त्याचा साचा तिला शोधावा लागला नाही.