टिकारामचं म्हातारपण

टिकाराम होता सव्वीस वर्षांचा, पण बोलपटांच्या दुनियेत त्याला जवान म्हणून कुणी ओळखतच नव्हतं. म्हाताऱ्याचं काम निघालं की बोलवा टिकारामला. बैरागी, हमाल, खडूस वकील, दमेकरी सावकार, सगळं यानंच करायचं. तीन वर्षांत सात बोलपट झाले आणि सातही वेळा रंगवणाऱ्यानं त्याचं तोंड असं काही लिंपलं, की आरशात त्याचा त्यालाच पत्ता लागू नये.

मूळचा हा अर्जुनी मोरगावकडचा, दंडारीतला गडी. दंडार म्हणजे आमच्या झाडीपट्टीतलं उघड्यावरचं नाटक. शेवटच्या बैलगाडीवर बसलेल्यालाही ऐकू जाईल असं बोलायची सवय. मुक्या सिनेमांच्या काळात तो पुण्याकडच्या एका कंपनीत पडदे ओढायला लागला. मग बोलपट आले, आणि दिसायला राजबिंडे असे दोन नट मायक्रोफोन पाहूनच गार पडले. दिग्दर्शकानं वैतागून पडदे ओढणाऱ्याला उभं केलं. यानं असं वाक्य ठोकलं, की आवाज टिपणारा कानावरचं यंत्र काढून बाजूला झाला. पण गडी हुशार. हळू बोलूनही माणसं हलतात, हे तो चार दिवसांत शिकला आणि त्याचं नशीब उघडलं.

सगळं छान चाललं होतं. अडलं होतं ते फक्त सासऱ्यापाशी.

सेवकराम नवेगाव बांधचे धानाचे शेतकरी. मनानं लोणी, पण जिभेनं भारी तिखट. दिवाळीला माहेरी आलेली पोरगी, शामकला, त्यांनी ठेवूनच घेतली. दुसरी दिवाळी गेली तरी पाठवायचं नाव नाही. जावई परमुलखात काय दिवे लावतो ते कुणी पाहिलंय, हॉटेलात कपबश्या धूत असेल, असं ते गावभर सांगत सुटले होते. शेवटी टिकाराम स्वतः न्यायला आला, तेव्हा त्यांनी एका वाक्यात निकाल दिला.

"जवाईबापू, बोलपटात दिसा आन् पोरगी घेऊन जा. नाही दिसले तं पुन्हा या दारात येऊ नका."

दैव बघा, त्याच आठवड्यात अर्जुनीच्या बाजारात तंबू लागला आणि त्यात नेमका टिकारामचा सातवा बोलपट. धान कापून झालेलं, लोक मोकळे. गाड्या जुंपल्या, सासरे, सासूबाई जमुनाबाई, शामकला आणि अर्धं नवेगाव तंबूत येऊन बसलं.

बोलपट सुरू झाला. सेवकराम एकेक तोंड तपासायला लागले. नायक? हा नाही. शिपाई? हाही नाही. एवढ्यात पोरानं टाकून दिलेला म्हातारा कोतवाल आला, आणि टिकाराम हळूच म्हणाला, मामाजी, तो मीच. सेवकरामांनी त्याला गप्प केलं. त्या गरीब माणसाच्या वयाची तरी लाज धरा, म्हणाले. आजूबाजूचे फिदीफिदी हसले. शामकलासुद्धा एकदा पडद्याकडं आणि एकदा नवऱ्याकडं बघत राहिली, तिचीही खात्री पटेना. टिकारामला रडू यायचंच बाकी होतं. आयुष्यात पहिल्यांदा त्याला आपल्या कामाचा राग आला. इतकं चांगलं करायला सांगितलं होतं कुणी?

शेवटी कोतवाल खाटेवर पडला, दाराकडं डोळे लावून. सेवकराम लहान पोरासारखे रडायला लागले. आता दंडारीत रीत अशी, की काम काळजाला भिडलं तर बघणाऱ्यानं तिथल्या तिथं उठून इनाम द्यायचं. नट सोंग थांबवतो, नमस्कार करतो आणि पुढं सुरू होतो. बोलपट पहिल्यांदाच बघणारे सेवकराम उठले, खांद्यावरचा नवा कोरा दुपट्टा काढला आणि थेट पडद्यापाशी जाऊन उभे राहिले. दुपट्टा वर धरला. म्हातारा काही बघेना. लोक ओरडायला लागले, बसा, सावली पडून राहिली. म्हातारा इनाम घेईना, हा अपमान सेवकरामांना झोंबला, पण हात खाली येईना.

"घे ना बावा," ते काकुळतीनं म्हणाले.

टिकाराम उठून पडद्यापाशी गेला. सासऱ्यापुढं वाकला, दुपट्टा घेऊन कपाळाला लावला. तेवढ्यात पडद्यावरच्या कोतवालानं तोंड उघडलं आणि टिकारामनंही.

"पोरा, दार उघडंच ठेवलं होतं रे. तुला उशीर नाही झाला. मीच घाई केली."

तोच आवाज, तेच अडखळणं, श्वाससुद्धा एकाच जागी तुटला. वर कोतवाल मेला आणि खाली टिकाराम दुपट्टा घेऊन उभा राहिला.

सेवकरामांनी पडद्याकडं पाहिलं, जावयाकडं पाहिलं, मग त्याचा गाल चाचपून पाहिला.

"उद्याच घेऊन जा तिले. पण जवाईबापू, माह्या पोरीसमोर असे मरत नका जाऊ."

टिकारामनं मान डोलावली. पुढच्या बोलपटात त्याला फाशी होणार होती, पण ते त्यानं दुसऱ्या दिवशी आगगाडीनं अर्जुनी सोडल्यावर शामकलाला सांगितलं.

"बाबाले नका सांगू," ती म्हणाली. "मी पाहीन एकटी."