तिसरा डबा

"कट! ऋषी, यार, ती तुझी प्रेयसी आहे, सासू नाही!" केदारने कपाळावर हात मारला.

अमेरिकेतल्या पार्सिपनीच्या मराठी मंडळाची शॉर्ट फिल्म स्पर्धा. फिल्म पाचच्या आत पाठवायची होती, आणि दीड वाजला तरी शेवटचा सीन जमत नव्हता. गोष्ट झकास होती. बायकोचा प्रियकर घरी येऊन चहा करतो, नवरा साखरेत उंदराचं औषध कालवून ठेवतो, आणि चहा पिते भलतीच व्यक्ती! केदारने ती ओहायोतल्या हॉटेलात बसून लिहिली होती, कारण नोकरीपायी सोमवार ते गुरुवार त्याचा मुक्काम तिथेच. बायको झाली होती त्याची खरी बायको रुचा, आणि प्रियकर मंडळातला ऋषी. पण दोघं हातभर लांब उभी राहून पाठांतर म्हणत होती. ऋषी तर भलताच बुजलेला. बिचारा या घरी पहिल्यांदाच येत होता. सकाळी पत्ता विचारायला त्याने दोनदा फोन केला, आणि आल्याआल्या बाथरूम कुठंय म्हणून विचारलं.

"स्क्रिप्ट विसरा," केदार शेवटी म्हणाला. "ऋषी, आपलंच घर समज आणि चहा कर. ॲक्शन!"

आणि काय सांगावं! ऋषी गुणगुणत ओट्याशी गेला. त्याने न बघताच हात मागे केला, रुचाने त्यावर आल्याचा तुकडा ठेवला आणि खुदकन हसली. केदारच्या अंगावर काटा आला. हेच हवं होतं! पहिलं बक्षीस आता कुठे जात नाही!

ऋषीने कपाट उघडलं. आत दह्याचे पाच जुने डबे ओळीने मांडलेले, त्यांत रवा, पोहे, चहा, साबुदाणा, शेंगदाणे. एकावरही नाव नाही. केदार स्वतः घरी असला की दरवेळी आधी दोन चुकीचे उघडायचा. ऋषीने रुचाकडे बघत तिसरा डबा काढला आणि चहाची पूड आधणात टाकली.

केदारमधला दिग्दर्शक अजून नाचतच होता. नवऱ्याच्या लक्षात यायला दोन सेकंद जास्त लागले.

"कट."

"जमलं?" रुचाचे डोळे चमकत होते.

"अप्रतिम!" केदारने डबा पुन्हा जागेवर ठेवला. "फक्त क्लोजअप राहिलाय. ऋषी, चहाचा डबा काढ."

ऋषीचा हात सरळ तिसऱ्या डब्याकडे गेला आणि मध्येच थबकला.

"कुठला रे?" त्याने विचारलं.

रुचा खाली बघू लागली. केदारने तीन कप मांडले.

"राहू दे," तो म्हणाला. "साखर मी घालतो."