तीनचं रीडिंग

लोट्याच्या त्या कारखान्यात पहिली पाळी तीनला सुटते आणि कंपनीची गाडी तीन वाजून पाच मिनिटांनी फाटकाबाहेर पडते. गाडी चुकली की खेडहून गावाकडे जाणारी एसटीही चुकते आणि पुढची सहाला असते. म्हणून रिअॅक्टरवरचे, म्हणजे रसायनाच्या बंद टाक्यांवरचे, ऑपरेटर तीनचं तापमान अडीचच्या सुमारालाच शीटवर लिहून टाकतात आणि हातपाय धुवायला जातात. असं करा म्हणून कोणी सांगितलेलं नाही. लवू कदम बावीस वर्षं तसंच करत आला होता.

त्या दिवशीही त्याने दोन पस्तीसला चार नंबर रिअॅक्टरच्या शीटवर तीन वाजताच्या रकान्यात ४२ लिहिलं, पुढे सही केली आणि मग तापमापकाकडे पाहिलं. काटा पन्नासवर होता. एरवी या वेळेला तो पंचेचाळीसपर्यंत उतरलेला असे.

तेवढ्यात ज्ञानेश्वरी लोखंडी जिना चढून वर आली. बॅच शीटवर नंबर घालून त्या ऑपरेटरना देणं आणि भरून आल्या की तपासणं, हे तिचं काम. सकाळपासून ती ऑफिसात ऑडिटर राही देवधर यांच्यासमोर फायली उघडून बसली होती.

"लवूकाका, मॅडम इकडे निघाल्यात. शीट बघू."

"सकाळी येणार होत्या ना त्या? मला वाटलं, वरवर बघून गेल्या."

"फायलींतच दुपार झाली." तिने शीट हातात घेतली आणि घड्याळाकडे पाहिलं. "काका, तीन वाजले?"

"नाय."

"मग हे काय लिहिलंत?"

"गाडी माझ्यासाठी थांबते काय गो बाय?"

"आजच्या दिवशी तरी!"

"हात सवयीने गेला," लवू म्हणाला.

आजच्या दिवसाचं महत्त्व त्याला सांगायची गरज नव्हती. हा कारखाना रंगांना लागणारी एक पावडर बनवत असे आणि ती युरोपात जात असे. दोन वर्षांपूर्वी चीनचा माल तिथे इतका स्वस्त उतरला, की लोट्यात नुसता कच्चा माल त्याहून महाग पडत होता. दुसरं युनिट बंद झालं. अडतीस जणांना घरी पाठवलं, त्यांत लवूचा मुलगा सुजयही होता. आता युरोपात त्या चिनी मालावर जादा कर लागणार होता, म्हणून हॉलंडमधली एक कंपनी दुसरा पुरवठादार शोधत होती. दर तीन महिन्यांनी आठ कंटेनर. त्या कंपनीने तपासणीला पाठवलेल्या राही देवधर यांनी होकार कळवला तर दुसरं युनिट उघडणार होतं.

सुजयला गुजरातेतल्या दहेजच्या एका कंपनीने बोलावलं होतं. आज पाचपर्यंत हो की नाही ते सांगायचं होतं. त्याची बायको पोटुशी होती आणि त्याला गाव सोडायचं नव्हतं. सकाळी निघताना लवू त्याला म्हणाला होता, "चारपर्यंत कळ काढ. काय ते कळेल."

प्लँट मॅनेजर हर्षद जोगळे धावतच वर आला. शीटवरचा आकडा आणि काटा त्याने एका नजरेत पाहिला.

"ज्ञानेश्वरी, दुसरी शीट काढा. सकाळपासूनची रीडिंग्ज उतरवून घ्या."

"नाही जमणार, सर. नंबराची शीट आहे, नवी काढली तर रजिस्टरात नोंद लागते. रजिस्टर मॅडमच्या टेबलावर उघडं आहे."

"मग तुम्ही इथे कशाला आहात?"

"शीट बघायलाच आहे, सर."

हर्षद लवूकडे वळला. "गार पाणी पूर्ण उघड. तीनला बेचाळीस आलं, की लिहिलेलं खरं होईल. कधी लिहिलं ते कोण विचारतंय?"

लवूने व्हाल्ववर हात ठेवला. वीसेक मिनिटांत आठ अंश. पाणी सोडलं तर उतरलं असतं. त्याने चाक अर्धा फेरा फिरवलं. पाइपातून घरघर ऐकू आली. काटा एकोणपन्नासवर आला. आणखी अर्धा फेरा. अठ्ठेचाळीस.

खालून बोलण्याचा आवाज आला. राही देवधर जिन्यापाशी हेल्मेटचा पट्टा बांधत होत्या.

"अजून," हर्षद दबक्या आवाजात म्हणाला.

लवूने रिअॅक्टरच्या काचेत टॉर्च मारला. आतला द्रव ढवळला जात होता, आणि जिथे तो पारदर्शक दिसायला हवा होता तिथे दुधट झाक येऊ लागली होती. एकदम गार केलं की कण बारीक पडतात, गाळणीत अडकतात आणि माल वाया जातो. याच बॅचचा नमुना हॉलंडला जायचा होता.

"सर, माल बिघडेल."

"माल नंतर बघू. ऑर्डर गेली तर बॅच घेऊन करायचंय काय?"

सत्तेचाळीस. लवूच्या डोळ्यांसमोर सुजयचा चेहरा आला. क्षणभर त्याने चाक आणखी फिरवलंही. मग काचेतली झाक दाट होताना दिसली आणि त्याने दोन्ही हातांनी चाक उलटं फिरवून पाणी पहिल्याइतकं कमी केलं.

"लवू!"

"हा माल माझ्या हातून नाय बिघडायचा, सर."

राही देवधर वर आल्या तेव्हा तीनला सहा मिनिटं होती. पन्नाशीच्या, बारीक चणीच्या, घाई नसलेल्या बाई. त्यांनी ज्ञानेश्वरीकडून शीट घेतली, घड्याळ पाहिलं, काटा पाहिला.

"हे कोणी लिहिलं?"

हर्षद काहीतरी बोलणार होता. लवू आधी बोलला. "मी. गाडी असते तीन-पाचला, म्हणून आधी लिहितो."

"आजच?"

"नाय. रोज."

त्यांनी मागच्या बॅचेसची फाइल मागवली. पानं उलटताना त्यांचं बोट तीनच्या रकान्यावरून खाली सरकत गेलं. बेचाळीस. बेचाळीस. बेचाळीस. वीस पानं झाली.

"आणि तरी माल नापास झाला नाही?"

"तीनला बेचाळीसच येतं, मॅडम. आजच नाय आलं."

"आजच का?"

लवू हर्षदकडे बघत राहिला. हर्षदने मान वळवली.

"आज दोन रिअॅक्टर चालवलेत," लवू म्हणाला. "एरवी एकच चालतो. पाणी गार करणारे चिलर दोन आहेत, पण वीज वाचवायला एक बंद ठेवलाय. एका चिलरवर दोन रिअॅक्टर गार होत नायत."

"दुसरा कशाला चालवलात?"

"तुम्ही येणार होता ना."

राही देवधर हसल्या नाहीत. तीन वाजेपर्यंत त्या तिथेच उभ्या राहिल्या. काटा शेहेचाळीसवर होता. ज्ञानेश्वरीने लवूला पेन दिलं. त्याने ४२ वर एक रेघ मारली, शेजारी ४६ लिहिलं, सही, वेळ, आणि कारणाच्या जागी 'आधी लिहिले होते'. फाटकातून गाडी निघाल्याचा हॉर्न ऐकू आला.

पावणेचारला ऑफिसात त्यांनी निर्णय सांगितला. एका चिलरवर आठ कंटेनर निघणार नाहीत. या शीटवर विश्वास ठेवून तेवढी शिफारस त्या करणार नव्हत्या. दोन कंटेनर मात्र घेता येतील, तेही हा नमुना पास झाला तर. बाकीचे सहा कुठून घ्यायचे ते हॉलंडवाले बघतील.

"दुसरा चिलर आम्ही उद्या चालू करतो," हर्षद म्हणाला.

"जरूर करा. सहा महिन्यांनी मी परत येईन."

"सहा महिन्यांत ती ऑर्डर व्हिएतनामला गेलेली असेल, मॅडम."

"असेलही," त्या म्हणाल्या आणि लॅपटॉप मिटला.

चारला लवू फाटकाबाहेर आला. ज्ञानेश्वरी मागून आली. "काका, स्कूटरवर खेडपर्यंत सोडू?"

"थांब जरा. फोन करायचाय."

सुजयने पहिल्याच रिंगला उचलला.

"बाबा, काय झालं?"

"दहेजला हो सांग."

"ऑर्डर गेली?"

"गेली नाय. दोन कंटेनर मिळाले."

"मग?"

"दोन कंटेनरांना जुनं युनिट पुरतं. दुसरं नाय उघडत."

"पण आठ ठरले होते ना? कोणी घोळ घातला?"

लवूने रस्त्याकडे पाहिलं. एक टँकर वळण घेत होता.

"मी. तीनचं रीडिंग आधी लिहून ठेवलं होतं. त्या बाईंनी बघितलं."

"तेवढ्यासाठी?"

"तेवढ्यापासून सगळंच निघालं."

"बाबा," सुजय म्हणाला, "आमच्या युनिटला मीपण तसंच लिहायचो. तुम्हीच शिकवलं होतंत."

"होय," लवू म्हणाला. "तिकडे तसं लिहू नको."