व्हाइटनरखालचा 'ह'

मी पाचवी 'ब'चा हजेरीपट बोलतोय. निळा पुठ्ठा, लाल शिवण, पाठीवर चहाचा डाग. वर्गाच्या बाई रोज नावं घेत, पोरं 'हजर' म्हणत आणि मी 'ह' टिपून घेई. खोटं माझ्या अंगावर कधी चढलं नव्हतं.

दरवर्षी सगळ्या शाळांची एकच सरकारी चाचणी होते. तिच्यात जी मुलं वाचनात कच्ची दिसतात, त्यांच्यासाठी वेगळी शिक्षिका मिळते. पण कच्ची मुलं बसली की शाळेची सरासरी घसरते, आणि आमच्या मुख्याध्यापकांना मिरवायची भारी हौस. म्हणून त्या दिवशी अशा मुलांना घरीच ठेवायला सांगत.

आमच्या वर्गातली एक, शिंपीणबाईंची मुलगी, दोन वर्षं अशीच 'आजारी' पडली. तिला धड एक ओळ वाचता येत नव्हती, अन् कागदोपत्री तिला कसलीच अडचण नव्हती.

यंदा आईने तिला हट्टाने पाठवलं. बाईंनी 'ह' मांडला. तेवढ्यात मुख्याध्यापक आले.

"हिला ग्रंथालयात बसवा. आणि हे खोडा."

"सर, पोर समोर बसलीय."

"मग सरासरी तुम्ही सांभाळा."

बाईंनी पोरीला उठवून ग्रंथालयाकडे नेलं. सरांनीच माझ्यावर व्हाइटनर फासलं आणि वर 'गै' लिहिलं. माझ्या अंगाची लाही लाही झाली. त्या दिवसापासून मी डूख धरला. कुणी मला उघडलं-मिटलं की शेजारच्या पानावर अंग घासायचो आणि तो पांढरा थर थोडा थोडा सोलायचो.

शाळा पहिली आली. शाबासकी द्यायला अधिकारी बाई आल्या, सहज म्हणून त्यांनी मला चाळलं. खपली थेट त्यांच्या मांडीवर पडली.

"ही मुलगी हजर होती की गैरहजर?"

"बाईंची चूक झाली असेल," मुख्याध्यापक हसले.

वर्गाच्या बाई उभ्या राहिल्या. "हजर होती. ग्रंथालयाला बाहेरून कडी मीच घातली."

सरांचा चेहरा खर्रकन उतरला. खोटं कशाला सांगू, मला फार गोड वाटलं.

मुलीची चाचणी पुन्हा झाली. तीत ती सपशेल नापास झाली आणि सोमवारी वाचनाच्या शिक्षिका रुजू झाल्या. बाईंवरही ठपका आला. त्याचं मला वाईट वाटतं, पण थोडंच.

आता मी पुरावा म्हणून कार्यालयाच्या लाकडी कपाटात पडून आहे. माझी कीव करू नका. फक्त वाळवीचं औषध तेवढं मारून घ्या. मुख्याध्यापकांची सुनावणी अजून व्हायची आहे.